कावीळ, खडा आणि दुर्बीण

कावीळ हा शब्द आमच्या हुपरीकडील भागांत जितक्या सहजपणें उच्चारला जातो, तितक्याच सहजपणें तिजवरील औषधहि सांगितलें जातें. डोळे पिवळे दिसूं लागले कीं, शेजारची कोणी तरी बाई येऊन अमक्या गांवीं अमक्या वारीं उपाशीपोटीं औषध मिळतें असें सांगून जाते. दुसरें कोणी काड्यांची माळ गळ्यांत बांधावयास सुचवितें. तिसऱ्याच्या मतें हातांस सालीचा रस चोळून ते चुन्याच्या निवळींत धुतले म्हणजे झालें, पाणी पिवळें होतें आणि त्याबरोबर कावीळहि वाहून जाते. माळेचें रहस्य इतकेंच कीं, ओल्या काड्या वाळून आकसल्या म्हणजे दोऱ्याच्या गांठी सैल पडतात आणि माळ लांबत जाते. आणि तो रस चोळून धडधाकट माणसाचे हात त्या निवळींत धुतले, तरी पाणी पिवळेंच होतें. असें असूनहि या उपायांवरील लोकांची श्रद्धा ढळत नाहीं, व ती न ढळण्यास कारणहि आहे. दूषित पाण्यांतून येणारी जी कावीळ, ती विषाणूंनीं यकृतास बाधा केल्यामुळें होते आणि बहुतेकांच्या बाबतींत कांहीं आठवड्यांनीं आपली आपणच ओसरते. त्या सुमारास ज्याच्या गळ्यांत माळ असेल, त्याच्या माळेस यश येतें.

प्रश्न उरतो तो दुसऱ्या काविळीचा. आम्हीं तरुणपणीं पाठशाळेंत काव्य व व्याकरण यांखेरीज वैद्यकाचीं कांहीं प्रकरणें गुरुजींच्या हौसेखातर वाचलीं होतीं. चरकसंहितेंत पांडुरोगाच्या ओघांत कामलेचें विवेचन येतें, आणि तेथें एका वेगळ्या कामलेचें लक्षण असें सांगितलें आहे कीं, रोग्याचा मल वाटलेल्या तिळांच्या गोळ्यासारखा फिका होतो, कारण पित्ताची वाट अडलेली असते. अडविणारा म्हणून चरकानें कफाचें नांव घेतलें आहे. खड्याची किंवा गांठीची त्यास कल्पना असावी असें आम्हांस वाटत नाहीं, आणि आजची सारी विद्या आपल्या ग्रंथांत पूर्वींच होती असें म्हणणाऱ्यांच्या पंक्तीस आम्ही बसत नाहीं. तथापि पोट न उघडतां, केवळ मलाच्या रंगावरून पित्त आतड्यांत उतरत नाहीं हें ताडणें, ही निरीक्षणशक्ति असामान्य खरीच. मलास जो रंग असतो तो पित्ताचा. पित्त तेथें पोंचलें नाहीं तर तो रंग जातो, आणि तेंच पित्त रक्तांत मिसळून त्वचेंत, डोळ्यांत व मूत्रांत उतरतें. एवढी एक गोष्ट घरोघर ठाऊक असती तर कितीतरी माळा वांचल्या असत्या, आणि माळांपेक्षां मोलाचें पुष्कळ कांहीं वांचलें असतें.

२०२२ सालच्या श्रावणांत आमच्या घरीं ही गोष्ट प्रत्यक्षच पुढें उभी राहिली. आमचें कुटुंब एकत्र. एका छपराखालीं लहानमोठीं चौदा माणसें. ज्येष्ठ बंधु, ज्यांस घरांत सर्वजण दादा म्हणतात, ते त्या वेळीं चौऱ्याहत्तर वर्षांचे होते. श्रावणांतले सोमवार, शनिवार आणि मधलीं व्रतें मिळून त्यांचे उपास चाललेले. प्रथम बरगडीखालीं उजव्या बाजूस दुखलें, तें वातावर घातलें गेलें. मग अंगास खाज सुटली. मग डोळे पिवळे झाले. वहिनींनीं माळेची व्यवस्था केली, व आम्हीं तींत अडथळा आणला नाहीं, कारण माळेनें अपाय होत नाहीं. अपाय होतो तो माळेच्या भरंवशावर राहिल्यानें. आमची धाकटी सून औषधनिर्माणशास्त्र शिकलेली आहे. ती स्वयंपाकघराच्या दारांत उभी राहून आम्हांस म्हणाली, "मामंजी, मोठ्या मामंजींना शौचाचा रंग कसा होतो तें तुम्ही विचाराल का? मला विचारवत नाहीं."

या वाक्यावर आम्ही पुष्कळ विचार केला आहे. एकत्र कुटुंबांत शेंकडों गोष्टी सर्वांच्या सर्वांस ठाऊक असतात. कोणी किती पोळ्या खाल्ल्या, कोणाचें पत्र आलें, कोणाची कोणाशीं धुसफूस आहे. परंतु ज्या गोष्टीवर प्राण अवलंबून असावा, नेमकी तीच मर्यादेच्या पडद्याआड राहते. सुनेनें चुलत सासऱ्यांस असें विचारावयाचें नाहीं, सासऱ्यांनीं सांगावयाचें नाहीं, आणि पत्नीनें तर लक्ष घालावयाचें नाहीं. आम्हीं विचारलें. दादा थोडा वेळ गप्प राहिले आणि मग म्हणाले, "पांच दिवस झाले, मातीच्या भांड्यावर राख लावावी तसा." लघवी काळ्या चहासारखी होत होती हेंहि तेव्हांच कळलें. त्याच रात्रीं त्यांस हुडहुडी भरून ताप आला. पोटांत दुखणें, थंडी वाजून ताप व कावीळ या तिन्हींचें एकत्र येणें किती घातक असतें, तें शार्को या फ्रेंच वैद्यानें १८७७ सालीं लिहून ठेविलें आहे. अडलेल्या पित्तांत जंतु वाढतात आणि ते रक्तांत शिरले कीं दिवसांचा नव्हे, तासांचा हिशेब असतो. पहाटेस गाडी काढून आम्ही कोल्हापुरास गेलों.

तेथें तपासणी झाल्यावर जें कळलें तें वाचकांस नीट समजावें म्हणून थोडें शरीररचनेकडे वळावें लागेल. यकृत दिवसाकाठीं सुमारें अर्धा ते एक लिटर पित्त तयार करितें. तें जेवणाच्या वेळेपर्यंत पित्ताशय नांवाच्या लहानशा पिशवींत सांठतें व घट्ट होतें, आणि स्निग्ध अन्न पोटांत पडलें म्हणजे पिशवी आकुंचन पावून तें नळीवाटे खालीं उतरतें. ही मुख्य पित्तनलिका सामान्यतः सहासात मिलिमीटर रुंद, म्हणजे पेन्सिलीइतकी. जठराच्या पुढें आतड्याचा जो आरंभीचा भाग, त्यास ग्रीक वैद्यांनीं बारा बोटांचा म्हणून नांव दिलें. आपण त्यास द्वादशांगुल म्हणावें हें आम्हांस फार आवडतें. त्या द्वादशांगुलाच्या आंतल्या भिंतीवर स्तनाग्राएवढा एक उंचवटा असतो. पित्तनलिका आणि स्वादुपिंडाची नळी या दोन्ही बहुधा एकत्र होऊन तेथेंच उघडतात. स्वादुपिंडाची नळी १६४२ सालीं पादुआ येथें वीर्सुंग यानें शोधली, आणि पुढच्याच वर्षीं बिचाऱ्याचा खून झाला. उंचवट्याचें वर्णन फाटर यानें १७२० सालीं केलें. त्या दारावर स्नायूंचें एक कडें असतें आणि तें उघडतें-मिटतें, हें ओडी या विद्यार्थ्यानें १८८७ सालीं सप्रमाण मांडलें. तिघांचींहि नांवें अद्याप त्या त्या अवयवांस चिकटून आहेत. इवल्याशा जागेंत इतकी मोठी कीर्ति!

दादांच्या पित्ताशयांत खडे होते आणि त्यांतले दोन घसरून मुख्य नळीच्या खालच्या टोंकाशीं अडकले होते.

आमच्या आजोबांच्या तोंडून मिरजेच्या वानलेस साहेबांच्या गोष्टी आम्हीं ऐकल्या आहेत. वानलेस यांनीं १८९४ सालीं मिरजेस रुग्णालय उभारलें आणि आमच्या टापूंतले लोक बैलगाडींतून तेथें पोट कापून घेण्यास जाऊं लागले. पित्ताशय कापून काढण्याची पहिली शस्त्रक्रिया लांगेनबूख यानें बर्लिन येथें १८८२ सालीं केली होती. पित्तनलिकाच उघडून खडा काढणें हें त्याहून अवघड काम. आमच्या आत्याबाईंवर १९७१ सालीं तें झालें. बरगडीखालीं वीतभर छेद, नळींत बसविलेली इंग्रजी टी अक्षराच्या आकाराची रबरी नळी, तिचें दुसरें टोंक पोटाबाहेर, आणि खाटेखालीं बाटलींत थेंब थेंब सांठणारें हिरवें पित्त. महिनाभर त्या रुग्णालयांत होत्या. त्यांच्या खाटेशेजारीं बसून आम्हीं रघुवंशाची उजळणी केल्याचें आठवतें. त्या वांचल्या व पुढें वीस वर्षें जगल्या. परंतु दादांच्या वयाच्या आणि ताप अंगांत मुरलेल्या मनुष्यास तो छेद सोसला असता कीं नाहीं, याची शंकाच आहे.

दादांस सांगितलेला उपाय म्हणजे ई.आर.सी.पी. हीं अक्षरें ऐकून घरांतील मंडळी गांगरली. आम्हीं सुनेकडून पूर्ण नांव लिहून घेतलें आणि जुन्या संवयीनें त्याचा विग्रह करीत बसलों. आंत शिरून पाहणाऱ्या दुर्बिणीनें, प्रवाहाच्या उलट म्हणजे प्रतीप दिशेनें औषध सोडून, पित्तनलिका व स्वादुपिंडनलिका यांचें चित्र घेणें, असा त्याचा अर्थ. 'प्रतीप' हा शब्द आम्हीं सुचविला तेव्हां सून हसली व म्हणाली कीं, डॉक्टरांपुढें तेवढें नका बोलूं.

या युक्तीमागें पुष्कळांचे हात आहेत. पंजाबांतील मोगा येथें जन्मलेले नरिंदरसिंग कपानी यांनीं लंडन येथें हॉपकिन्स यांच्यासमवेत काचेच्या केसाएवढ्या तंतूंच्या जुडग्यांतून प्रतिमा वळणावळणानें नेतां येते, हें १९५४ सालीं दाखविलें. १९५७ सालीं हिर्शोविट्झ यांनीं त्यापासून जठर पाहण्याची लवचिक दुर्बीण बनविली. १९६८ सालीं अमेरिकेंत मॅक्यून यांनीं त्या उंचवट्याच्या तोंडांत नळी घालून क्ष-किरणांचें चित्र मिळविलें आणि जपानी वैद्यांनीं ती रीत पक्की केली. १९७४ सालीं जर्मनींत क्लासेन व डेमलिंग यांनीं आणि जपानांत कावाई यांनीं, परस्परांपासून स्वतंत्रपणें, ओडीचें कडें विजेच्या तारेनें आंतूनच कापून खड्यास वाट करून दिली. जी दुर्बीण केवळ पाहत होती, ती त्या वर्षापासून उपचार करूं लागली. आतां काचेच्या तंतूंऐवजीं टोंकाशीं इवलासा कॅमेराच असतो. आमच्या देशांत ही विद्या मागें राहिलेली नाहीं. मुंबईचे डॉ. अमित मायदेव यांस २०१३ सालीं पद्मश्री मिळाली आणि हैदराबादचे डॉ. नागेश्वर रेड्डी यांस २०२५ सालीं पद्मविभूषण; दोघांचेंहि नांव याच दुर्बिणीच्या कामानें झालें.

डॉक्टरांनीं कागदावर आकृति काढून सारें समजाविलें. तोंडावाटे दुर्बीण जठरांतून द्वादशांगुलांत न्यावयाची. तिची दृष्टि पुढें नसून कडेला असते, कारण दार कडेच्या भिंतींत आहे. मग एक मिलिमीटरहूनहि बारीक अशी तार त्या दारांतून वर सरकवावयाची, तारेवरून नळी, नळींतून क्ष-किरणांस दिसणारें औषध. मग दाराचें कडें किंचित् कापावयाचें आणि लहानसा फुगा किंवा तारांची टोपली खड्यापलीकडे नेऊन त्यास खालीं ओढावयाचें. आमच्याबरोबर शेजारचे एक पैंजणांचे कारागीर आले होते. जन्मभर पोलादी पट्टीच्या उतरत्या भोकांतून चांदीची तार ओढण्यांत गेलेला मनुष्य. आम्ही आकृतीकडे पाहत असतांनाच ते म्हणाले, "मास्तर, आदी तार घुसली पायजे. तार गेली म्हंजे मागनं काय बी घाला." डॉक्टर हंसले आणि म्हणाले कीं, शिकणाऱ्या मुलांना हें एक वाक्य समजावयास आम्हांला वर्ष लागतें. अवघड भाग तोच. दार सांपडतें, परंतु तार पित्ताच्या नळींत जाण्याऐवजीं स्वादुपिंडाच्या नळींत जाऊं पाहते, आणि स्वादुपिंड हा मोठा मानी अवयव आहे. त्यास डिवचलेलें खपत नाहीं.

याचसाठीं सही करण्यापूर्वीं डॉक्टरांनीं जें सांगितलें तें आम्हीं घरीं सर्वांस पुन्हां सांगितलें. शंभरांपैकीं सुमारें तीन ते दहा जणांस या क्रियेनंतर स्वादुपिंडाचा दाह होतो. बहुतेकांचा थोड्या दिवसांत शमतो. क्वचित् तो भयंकर रूप धारण करितो. रक्तस्राव, आतड्यास भोंक पडणें व पित्तांत जंतुसंसर्ग होणें हे आणखी धोके. दाहाचा संभव कमी करण्यास इंडोमेथॅसिन नांवाच्या साध्या, स्वस्त औषधाची गोळी गुदमार्गानें देतात. तिचा उपयोग २०१२ सालीं अमेरिकेंतील एका मोठ्या प्रयोगांत सिद्ध झाला. इतके धोके असल्यामुळेंच आतां केवळ निदानासाठीं ही क्रिया करीत नाहींत. खडा आहे कीं नाहीं हें पाहण्यास चुंबकीय यंत्रानें घेतलेलें चित्र, म्हणजे एम.आर.सी.पी., पुरतें, किंवा दुर्बिणीच्या टोंकाशीं ध्वनिलहरींचें यंत्र बसवून जठराच्या भिंतीआडून स्वादुपिंड व पित्तनलिका न्याहाळतात. कोणी नुसतें पाहण्यासाठीं म्हणून ई.आर.सी.पी. सांगितली, तर त्यानें कोणता उपचार करावयाचा आहे, हें विचारण्यांत कांहींच अमर्यादा नाहीं. रक्त पातळ करणाऱ्या गोळ्या चालू असतील तर त्याहि आधींच सांगाव्या. आमच्या घरांत दोघे वृद्ध अशा गोळ्या घेतात, आणि त्या 'औषधांत' मोजावयाच्या असतात हें दोघांसहि ठाऊक नव्हतें.

पाऊण तास आम्ही बाहेर बांकावर बसलों होतों. वहिनी माळ ओढीत होत्या; काड्यांची नव्हे, तुळशीची. बाहेर येऊन डॉक्टर म्हणाले कीं, दार उघडतांच पित्ताबरोबर पू वाहिला, लहान खडा निघाला, मोठा राहिला आहे. ताप असतांना अधिक वेळ घेणें बरें नव्हे, म्हणून प्लॅस्टिकची एक बारीक नळी आंत ठेविली आहे, तिच्यावाटे पित्त उतरत राहील. दुसऱ्या दिवशीं ताप उतरला. चौथ्या दिवशीं दादांनीं आम्हांस जवळ बोलावून हळूच सांगितलें कीं, रंग परत आला. चौऱ्याहत्तराव्या वर्षीं बंधूंनीं बंधूस दिलेलें हें वर्तमान आम्हांस एखाद्या तारेपेक्षां अधिक आनंदाचें वाटलें.

त्या प्लॅस्टिकच्या नळीविषयीं थोडें सविस्तर लिहावयास हवें, कारण खरा घात तेथें होतो. ही नळी कायमची नसते. सुमारें तीन महिन्यांत तिच्या आंत गाळ बसतो आणि ती तुंबते. म्हणून त्यापूर्वीं ती काढावी किंवा बदलावी लागते. धातूच्या जाळीच्या नळ्या अधिक टिकतात, पण त्या निराळ्या प्रसंगीं घालतात. आमच्या परिचयाच्या एका कारागिराच्या कुटुंबांत अशी नळी दोन वर्षें राहिली होती. कोठल्या रुग्णालयांत घातली तें सांगण्याचें येथें प्रयोजन नाहीं. घरीं सोडतांना दिलेल्या कागदावर इंग्रजींत एक ओळ होती, ती कोणीं वाचून दाखविली नाहीं. पोट दुखेनासें झालें, कावीळ गेली, तेव्हां परत जावयाचें कशाला? दोन वर्षांनीं पुन्हां थंडीताप आला तेव्हां नळीभोंवतीं खड्याचाच थर चढलेला निघाला, आणि ती काढण्यास तिप्पट खटपट पडली. बाई वांचल्या. आमच्या सुनेनें दादांची तारीख दिनदर्शिकेवर तर लिहिलीच, शिवाय देवघरांत पंचांगाच्या आंतल्या पानावरहि लिहिली, कारण दिनदर्शिका घरांत कोणी पाहो न पाहो, पंचांग दादा रोज पाहतात.

आश्विनांत दुसऱ्या खेपेस मोठा खडा आंतल्या आंत फोडून काढला आणि नळीहि काढली. आमच्याकडे शस्त्रक्रिया झाली म्हणजे खडा बाटलींत घालून आणण्याची व आल्यागेल्यास दाखविण्याची रीत आहे. आत्याबाईंचे खडे कित्येक वर्षें फडताळांत होते. दादांचा खडा पाहण्यास आळींतलीं माणसें जमलीं, आणि दाखविण्यास कांहींच नाहीं! या क्रियेंत खडा ओढून आतड्यांत सोडतात. तो तेथून नैसर्गिक मार्गानें निघून जातो. एका गृहस्थांनीं तर, एवढे पैसे घेऊन खडासुद्धां दिला नाहीं, असा निषेध नोंदविला.

दादांची कावीळ दुखून आली. न दुखतां येणारी कावीळ मात्र अधिक संशयास्पद समजावी. उतारवयांत, पोटांत न दुखतां, हळूहळू डोळे पिवळे होत जावे, मल फिका व्हावा, अन्नावरची वासना उडावी आणि अंग झडावें, असें दिसल्यास स्वादुपिंडाच्या डोक्याशीं किंवा पित्तनलिकेंत गांठ वाढत असण्याचा संभव असतो. तेथेंहि हीच दुर्बीण उपयोगी पडते. ध्वनिलहरींच्या साहाय्यानें गांठीचा कण सुईनें काढून तपासतां येतो आणि धातूची नळी बसवून अडलेलें पित्त मोकळें करितां येतें. त्यानें गांठ बरी होत नाहीं, पण खाज थांबते, झोंप लागते, आणि ज्यांस शस्त्रक्रिया किंवा औषधें सोसणार असतील त्यांस तितका अवसर मिळतो. या काविळींत माळेच्या भरंवशावर दवडलेले दोन महिने परत मिळत नाहींत.

पित्ताशयांत उरलेले खडे पुन्हां घसरूं नयेत म्हणून त्याच आठवड्यांत दादांचें पित्ताशय पोटास चार लहान छिद्रें पाडून काढून टाकलें. हिंदुस्थानांत ही छिद्रांची शस्त्रक्रिया प्रथम मुंबईच्या जे. जे. रुग्णालयांत डॉ. तेहेमटन उदवाडिया यांनीं १९९० सालीं केली. तिसऱ्या दिवशीं दादा घरीं आले, दिवाळीच्या आधीं. घरोघरीं पैंजणांची घाई चालली होती आणि आमच्या आळींत घुंगरांचा आवाज रात्रीं उशिरापर्यंत होता.

पुढच्या तपासणीस दादांनीं डॉक्टरांस एकच विचारलें: उपासाचें काय? डॉक्टर म्हणाले कीं, दीर्घ काळ पोट रिकामें राहिलें तर पित्त पिशवींत सांचून घट्ट होतें व खडे होण्यास तें एक निमित्त होतें. आपली पिशवी आतां नाहीं, परंतु वय आहे, तेव्हां लागोपाठचे कडक उपास सोडावे. दादांनीं एकादशी तेवढी ठेविली आहे. सोमवार त्यांनीं आमच्याकडे सोंपविले, आणि सूनबाईंनीं आमचेहि सोमवार दूध-फळांवर आणून ठेविले आहेत.